मी गाळलेलं वाक्य

गेल्या रविवारी सिनेमा सुटला आणि आयर्लंडमधल्या आमच्या ट्रली गावाच्या थिएटरबाहेर, पार्किंगमध्ये, नेहमीप्रमाणे भांडण सुरू झालं. मल्याळी माणसं सिनेमा बघून सरळ घरी जात नाहीत, आधी भांडतात. वारा असा की गाडीचं दार उघडलं तर हातातून निसटेल, पाऊस आडवा, आणि ही मंडळी टोप्या कानांवर ओढून उभी. बहुतेक सगळ्या हॉस्पिटलातल्या नर्सेस आणि त्यांचे नवरे. मला मल्याळम येत नाही, पण भांडण कशावरून चाललंय ते कळतं. एक म्हणतो, आमच्याकडचे पाद्री असे नसतात. दुसरी म्हणते, तुमच्याकडे नसतील, माझ्या गावाला चला, दाखवते. एक अख्खा हिवाळा मी या भांडणांच्या मधोमध उभी राहिलेय, लिसीच्या शेजारी. आता लिसी ऑस्ट्रेलियात, पर्थला गेली. मी गाडीत बसून हीटर लावते आणि काचेतून बघते.

तो हिवाळा दोन वर्षांपूर्वीचा. त्या वर्षी मे महिन्यात बाबा गेले आणि नोव्हेंबरात मी आईला इथे घेऊन आले. तीन महिन्यांचा व्हिसा होता. फेब्रुवारीत ती परत हिंगणघाटला गेली, आणि त्यानंतर आलेली नाही. मी दर फोनवर 'ये ना' म्हणते, ती दर फोनवर 'थंडी सोसत नाही बाप्पा' म्हणते. थंडीचं काही नाही. हिंगणघाटच्या उन्हाळ्यात बिनकुलरची राहिलेली बाई आहे ती. ती का येत नाही हे तिला माहीत आहे आणि मलाही, पण दोघीही सगळा दोष बिचाऱ्या आयर्लंडच्या हवेवर टाकून मोकळ्या होतो.

जानेवारी लागला की हे सगळं वर येतं. साडेचारला अंधार पडतो. माझा नवरा शिरीष सोमवारी पहाटे पार डब्लिनजवळ, लिक्सलिपला कॉम्प्युटर चिपच्या कारखान्यात जातो तो शुक्रवारी उगवतो. मी घरूनच काम करते. दिवसभर स्क्रीनवरच्या माणसांशी इंग्रजीत गोड बोलायचं, आणि लॅपटॉप मिटला की घरात फक्त बॉयलरचा आवाज. कधी कधी मंगळवारपासून शुक्रवारपर्यंत मी मराठीत एक शब्दही मोठ्याने बोललेली नसते. शिरीषला सांगितलं तर म्हणतो, "अगं, सगळं ग्रँड आहे की." हा 'ग्रँड' इथल्या लोकांकडून शिकलाय तो. आयरिश माणूस छप्पर उडालं तरी ग्रँड म्हणतो, पण त्याच्या तोंडी तो शोभतो.

तर लिसी. आमच्या रांगेत दोन घरं सोडून राहायची. हॉस्पिटलात सिस्टर, पन्नाशीची, आवाज वॉर्डच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत जाईल असा. तरुणपणी तीन वर्षं नागपूरला नोकरी केलेली, त्यामुळे तिला हिंदी यायचं. काय ते हिंदी! आईचंही हिंदी तसलंच, नागपुरी. दोघींची पहिल्याच दिवशी गट्टी जमली. "अम्मा, खाया?" "हाव बाई, खाया ना मैंने." एवढ्यावर दोघी तासभर बसायच्या.

लिसीकडे रविवारी दुपारी सिनेमा असायचा. गावात एखादा मल्याळम सिनेमा लागला तर थिएटरात, नाहीतर तिच्या बैठकीत, टीव्हीवर. टीव्हीच्या वर तिच्या नवऱ्याचा, जोसचा, फोटो होता. तो आठ वर्षांपूर्वी तिकडे गावी असतानाच हार्ट अटॅकने गेला. त्या फोटोखाली बसून आम्ही नोव्हेंबर, डिसेंबर आणि अर्धा जानेवारी काढला. केळ्याचे वेफर्स, काळा चहा, आणि तिघींच्या पायांवर एकच मोठं ब्लँकेट.

आईला मल्याळम येत नाही आणि इंग्रजी सबटायटल वाचता येत नाहीत. म्हणून मी खाली येणारी ओळ वाचायची आणि आईच्या कानात मराठीत सांगायची. लिसी दुसऱ्या बाजूने हिंदीत दुरुस्त करायची. "नहीं अम्मा, ऐसा नहीं बोला. ये बोला, तेरा बाप भी ऐसाच था." मी वाचलेलं असायचं 'तू अगदी वडिलांवर गेलायस'. इंग्रजीत आल्यावर माणसांचे दात पडतात, हे मला त्या बैठकीत कळलं.

मला त्या सिनेमांचं आधी नवलच वाटलं. काही घडतच नाही! एक माणूस विहिरीतून पाणी काढतो तो काढतोच आहे. चर्चच्या उत्सवात मिरवणुकीची छत्री कोणी धरायची यावर दोन म्हातारे दोन तास अबोला धरतात. गल्फहून आलेल्या एका मुलाने जुनं घर पाडावं की नको यावर अख्खं गाव मत देतं. पण हळूहळू लक्षात आलं की ती माणसं आपल्याच ओट्यावर बसून आपलीच उणीदुणी काढतायत, आणि तेही प्रेमाने. फणसाचं झाड असं दाखवतील की लिसी उसासा टाकेल, आणि त्याच झाडाखाली भाऊ बहिणीचा हिस्सा कसा गिळतो तेही दाखवतील. घरातला देव, घरातला जेवणाचा क्रम, कोण आधी जेवतं, कोण उभ्याने जेवतं, सगळं दाखवतील.

लिसी सिनेमा बघत नसे, त्याच्याशी कडाकडा भांडत असे. "खोटं आहे सगळं! आमची घाण काढून जगाला दाखवतात, वर इंग्रजीत सबटायटल पण देतात मेले." पाच मिनिटं जायची. मग वेफर्सचा डबा आईकडे सरकवत म्हणायची, "माझ्या भावाने केलं होतं पण असं." आणि पुढच्या रविवारी पुन्हा तयार. मी एकदा विचारलं, "एवढा राग येतो तर बघतेस कशाला?" तर म्हणाली, "मग कुठे बघू? घरी फोन केला तर सगळे म्हणतात, इकडे सगळं छान आहे."

हे ऐकून मला आमचं इथलं मराठी मंडळ आठवलं. आमच्या मंडळाच्या कार्यक्रमांना मी दरवर्षी जाते. ढोल असतात, फेटे असतात, नऊवारी असते, एखादं विनोदी प्रहसन असतं, त्यात सासू-सुनेचे जोक असतात. छान होतं सगळं, जेवण उत्तम असतं. पण त्या हॉलमध्ये आजवर कोणी एक प्रश्न विचारलाय म्हणून आठवत नाही. आम्ही इतक्या लांब येऊन आमच्या संस्कृतीचं कौतुक करतो, कारण कौतुक केलं नाही तर ती हातची जाईल अशी धाकधूक असते. ती मल्याळी माणसं भांडतात आणि तरी त्यांची संस्कृती कुठे जात नाही.

आणि बोली! लिसी मध्येच सिनेमा थांबवायची. "हा त्रिशूरकडचा, ऐक, शेवट कसा ओढतो. ही बाई मलबारची. हिरो आमच्या कोट्टायमचा." आईने हे ऐकलं आणि ती सरळ होऊन बसली. "म्हणजे हिरो आहे न तो? अन् आपल्या गावासारखाच बोलते?" हिरो गावासारखा बोलतो आणि कोणी हसत नाही, याचं तिला इतकं अप्रूप वाटलं की तिने ते शिरीषलाही सांगितलं. आपल्याकडच्या सिनेमात वऱ्हाडी बोलणारा माणूस दारात आला की लोक हसायच्या तयारीत बसतात. आणि मी तरी काय वेगळी? पुण्यात चार वर्षं शिकले आणि 'मले' टाकून 'मला' उचललं. डिसेंबरात मंडळाच्या एका बाईंनी आईला, "काकू, बोला ना काहीतरी वऱ्हाडीत, मस्त वाटतं," असं म्हटलं, तेव्हा मीच पुढे होऊन विषय बदलला. आईची लाज नव्हती वाटली, असं मी स्वतःला सांगितलं. वाटली होती.

जानेवारीच्या दुसऱ्या रविवारी लिसीकडे आम्ही जो सिनेमा पाहिला, त्यात एक नवं घर होतं. मोठं, पांढरं, परदेशच्या पैशातलं. आईची जमीन विकून बांधलेलं. वास्तूला पाद्री आलेत, पाहुणे आलेत, फोटोग्राफर सगळ्या कुटुंबाला दर्शनी भिंतीपुढे उभं करतोय. म्हातारी आई जुन्या पद्धतीच्या पांढऱ्या कपड्यांत, वाकलेली. मुलगा हळूच येऊन म्हणतो, अम्मा, तू जरा मागच्या खोलीत बस. म्हातारी त्याच्याकडे बघते. आणि शांतपणे म्हणते, "मी मेल्यावर माझा फोटो याच भिंतीला लावशील. मग जिवंतपणी तिच्यापुढे उभी राहिले तर काय बिघडतं?"

ओळ खाली आली. मी वाचली. आईचा कान माझ्या तोंडाशी होता, तिच्या केसांना खोबरेल तेलाचा वास येत होता. मी म्हटलं, "ती म्हणते, मला जरा बरं नाही वाटत, मी आत जाते."

का म्हटलं तसं? आजवर हजारदा विचार केला असेल. बाबांना जाऊन आठ महिने झाले होते. पुढच्याच शनिवारी माझ्या घरी हळदीकुंकू होतं. आईने एक शब्द काढला नव्हता, मी काढला नव्हता, आणि आई त्या दिवशी कुठे बसेल हे दोघींनाही आपोआप ठाऊक होतं. ते वाक्य मी मराठीत उच्चारलं असतं तर ते सिनेमातल्या म्हातारीचं राहिलंच नसतं. भ्यायले मी, दुसरं काय! लिसी एरवी लगेच दुरुस्ती करायची, पण त्या वेळी ती स्वेटरच्या बाहीने डोळे पुसत होती.

आई मात्र पडद्याकडे बघत राहिली. मग म्हणाली, "एवढंच म्हणाली? इतका वेळ तोंड हलून राहिलं होतं तिचं."

"एवढंच," मी म्हटलं.

हळदीकुंकवाची सगळी तयारी आईने केली. तिळाच्या वड्या तिने थापल्या, वाट्या प्रेसमधून तिने काढल्या. इथे भिंतीतल्या कपाटाला प्रेस म्हणतात आणि आई तीन महिन्यांत बिनदिक्कत 'प्रेस' म्हणायला लागली होती. वाण म्हणून मी हाताला लावायच्या क्रीमच्या ट्यूबा आणल्या होत्या, त्यांना तिने एकेक लाल दोरा बांधला. तबकात कुंकू काढून दिलं, मला सांगितलं, "ओला हात नको लावू, गोळा होते." लिमरिकहून, कॉर्कहून आठ-नऊ जणी यायच्या होत्या. पहिली बेल वाजायच्या आधी तिने स्वेटर घेतला, चष्मा घेतला आणि म्हणाली, "मी वर बसते."

मी फ्रीजमध्ये डोकं घालून दूध शोधत होते. म्हटलं, "बरं."

बायका आल्या, पैठण्या आल्या, त्यांच्यावर जाडजूड जॅकेटं. घरात वर्षातून एकदाच होतो तसला कलकलाट झाला आणि मला फार बरं वाटलं, ते खोटं कशाला सांगू. उखाणे झाले. मग लिसी आली, ड्यूटी संपवून, खास सोनेरी काठाची साडी नेसून, हातात वेफर्सचा डबा. मीच बोलावलं होतं तिला, आमच्या बायकांचा सण बघ म्हणून. सगळ्या ओरडल्या, "लिसीला लावा, लिसीला लावा!" आणि मी लावलं. तिच्या मोकळ्या कपाळावर हळद लावली, कुंकू लावलं, ओटी भरली, हातात ट्यूब दिली. टाळ्या वाजल्या.

आई एकदा म्हणाली होती, लिसी टिकली लावत नाही काऊन? मी म्हटलं होतं, अगं ख्रिश्चन आहे ती. माझ्या डोक्यात तेवढंच बसलेलं. दर रविवारी ज्याच्या फोटोखाली पाय पसरून बसले, तो माणूस त्या क्षणी माझ्या लक्षातच नव्हता. माझ्या आईचं कपाळ मोकळं म्हणजे बाबा गेले, आणि लिसीचं कपाळ मोकळं म्हणजे तिचा धर्म. एवढं साधं गणित मी करून ठेवलं होतं.

"अम्मा कुठेय?" लिसीने सगळ्यांसमोर विचारलं. वॉर्डातल्या आवाजात.

"तिला जरा बरं नाही वाटत," मी म्हटलं. तेच वाक्य. माझ्या तोंडून ते पुन्हा बाहेर पडलं.

लिसी नर्स. बरं नाही म्हटल्यावर ती थांबते होय? सरळ वर गेली. वीस मिनिटांनी खाली आली ती माझ्यामागे स्वयंपाकघरात. कपाळ स्वच्छ पुसलेलं होतं, केसांच्या मुळाशी जरासं लाल राहिलं होतं. हळू आवाजात म्हणाली, "जोस मेला, ते विसरलीस तू?" आम्ही दोघी इंग्रजीत बोलायचो, पण ते मला मराठीतच ऐकू आलं.

मी म्हटलं, "तुमच्यात नसतं ना हे."

"आमच्यातही होतं. माझी आजी चाळीस वर्षं कुठल्या लग्नात पुढे उभी राहिली नाही. आम्ही त्याचे सिनेमे काढतो आणि मग पार्किंगमध्ये भांडतो. तुम्ही काय करता?"

आणि मी, जी एवढी दोन महिने त्या सिनेमांची वाहवा करत होते, काय म्हटलं असेल? म्हटलं, "लिसी, प्लीज, आत्ता लेक्चर नको. बाहेर बायका बसल्यात." तिने ट्यूब ओट्यावर ठेवली आणि मागच्या दाराने गेली. तिचा वेफर्सचा डबा माझ्याकडेच राहिला.

त्यानंतरचे रविवार आम्ही आपापल्या घरी काढले. आई खिडकीशी बसायची, समुद्राकडून येणारे ढग बघायची, स्वेटर विणायची. वर काय बोलणं झालं, मी विचारलं नाही. तिने सांगितलं नाही. शॅननला विमानतळावर सोडताना तिने माझ्या गालावरून हात फिरवला, "जपून राह्य," म्हणाली. त्या वर्षीच उन्हाळ्यात लिसीला पर्थच्या हॉस्पिटलात जागा मिळाली. इथल्या नर्सेसचं तसंच असतं, एक दिवस 'भाड्याने देणे'ची पाटी लागते घरावर. निघताना आम्ही मिठी मारली, रडलोही, पण त्या दुपारचा विषय दोघींनी टाळला.

पुढच्या जानेवारीत मी हळदीकुंकू केलं नाही. कारण विचारलं तर ऑफिसचं काम सांगितलं. आता ते लिमरिकच्या एकीकडे होतं. मला बोलावणं येतं, मी जाते, कपाळ पुढे करते. आणि दर वेळी बघते, कोण आलेलं नाही. डब्लिनजवळ, क्लोनडॉकिनला राहणाऱ्या एकीचा नवरा गेल्या वर्षी गेला. मंडळाच्या ग्रुपवर सगळ्यांनी हात जोडले. यंदा तिला बोलावणं नव्हतं. मी यजमानीणबाईंना विचारलं, तर म्हणाल्या, "अगं, तिलाच ऑकवर्ड होईल." मी जोरात काहीतरी बोलायला हवं होतं. वडी तोंडात होती, ती चावत बसले.

आणि तरी मी रविवारी बाराच्या खेळाला जाते. एकटी, मागच्या रांगेत. कानात सांगायला कोणी नाही म्हणून सबटायटल आता फार लवकर वाचून होतं, आणि उरलेला वेळ मी माणसांची तोंडं बघते. गेल्या रविवारचा सिनेमा एका भजनी मंडळीसारख्या म्हाताऱ्यांच्या गटावर होता, भरपूर हसवणारा. शेवटी सगळे हसत बाहेर आले आणि लगेच भांडायला लागले. मी गाडीत बसून त्यांच्याकडे बघितलं आणि मला एकदम इतकं एकटं वाटलं की मी फोन लावला. तिकडे रात्रीचे आठ. आई नुकतीच जेवून बसली होती.

मी तिला सिनेमा सांगितला, सुरुवातीपासून. ती हूं हूं करत होती. मग माझं सांगून संपलं आणि मी म्हटलं, "आई, त्या सिनेमातली म्हातारी, नव्या घरातली. ती बरं नाही असं म्हणाली नव्हती." आणि तिचं खरं वाक्य मी सांगितलं. दोन वर्षं तोंडात धरलेलं.

पलीकडे टीव्हीचा आवाज बंद झाला.

"मले माहीत आहे," आई म्हणाली. "हळदीकुंकवाच्या दिवशी लिसी वर आली, तेव्हा मी विचारलं, तिने सांगितलं."

"मग बोलली का नाहीस मला?"

"काय बोलू? मी काही लगेच खोलीत नव्हती गेली, मंजू. जिन्यावर बसून होती. वरच्या पायरीवर. तिथून तुझी बैठक दिसते. म्हटलं, आता हाक मारते, मग हाक मारते. मग तू लिसीले कुंकू लावलं, ते पाहिलं. अन् उठली."

पार्किंगमध्ये कोणीतरी जोरात हसलं. मी हीटर बंद केला. शेवटी विचारलं, "मी बोलावलं असतं, तर आली असतीस खाली?"

पलीकडे फोन या कानाचा त्या कानाला गेला.

"नसती आली," आई म्हणाली. "चारचौघीत मले नसतं जमलं. पण बोलवाचं तर होतं न बाई."